शाळेची यादी घरीच ठेवा

आमच्या घरात शाळेचं वर्ष दोनदा सुरू होतं. मोठ्या जाऊबाईंचा मुलगा सीबीएसईच्या शाळेत, त्याची शाळा एप्रिलमध्ये भरते. माझी दोघं राज्य मंडळाच्या अनुदानित शाळेत, सेमी इंग्रजीला. त्यांची जूनच्या मध्यावर. वर-खाली घरं, एकच जिना. त्यामुळे मार्चपासून जूनपर्यंत कुणाच्या ना कुणाच्या टेबलावर ‘आवश्यक साहित्याची यादी’ मिठाच्या बरणीखाली दाबून ठेवलेली असते. २०२५च्या मार्चमध्ये जाऊबाई, म्हणजे आमच्या वहिनी, म्हणाल्या, “तू चल गं माझ्याबरोबर, मला तिथं गेलं की काही विचारायचं सुचतच नाही.” त्यांच्या खरेदीत जे बघितलं त्यावरून मी माझी जूनची खरेदी पार उलटी केली, म्हणून आधी तेच सांगते.

वहिनींच्या मुलाच्या शाळेत खरेदी अशी नसतेच. शाळेच्याच हॉलमध्ये टेबलं लावतात, इयत्तेप्रमाणे खोकी रचून ठेवतात, आपण पैसे भरायचे आणि खोकं उचलायचं. तिसरीचं खोकं साडेसहा हजारांच्या पुढे होतं. आत काय आहे ते घरी जाऊन बघायचं. रांगेतल्या सगळ्यांचा एकच जप चाललेला, एकदाचं उरकलं की सुटलो. आणि खरं सांगायचं तर त्या सुटकेचेच पैसे आपण भरत असतो.

टेबलामागच्या मुलाला मी म्हटलं, “दादा, वस्तूवार बिल मिळेल ना?”

“मॅडम, सेटचं एकच बिल असतं.”

“मग सेटमध्ये काय काय आहे आणि कशाचे किती, ते तेवढं लिहून द्या.”

“सेट फोडता येत नाही.”

“फोडू नका हो. फक्त लिहून द्या.”

तो आत गेला, बराच वेळ आला नाही, मागच्या रांगेतून चुळबुळ ऐकू यायला लागली, वहिनी माझा ड्रेस ओढायला लागल्या. पण कागद आला. एनसीईआरटीची पुस्तकं प्रत्येकी ६५ रुपये. पहिली ते आठवीच्या त्यांच्या पुस्तकांची किंमतच तेवढी आहे, आणि तीच पुस्तकं एनसीईआरटीच्या संकेतस्थळावर पीडीएफमध्ये फुकटही मिळतात. त्यांच्या शेजारी खासगी प्रकाशनांची पुस्तकं, प्रत्येक पाच-सहापट किमतीचं: संगणक, सामान्यज्ञान, सुलेखन, ‘जीवनकौशल्यं’. मग शाळेचं बोधचिन्ह छापलेल्या वह्या. मग खाकी कागदाचा रोल, लेबलं. आणि सगळ्यात शेवटी ‘आर्ट किट’, म्हणजे मेणखडू, तेलखडू, जलरंग, दोन ब्रश, बोथट कात्री, डिंकाची बाटली. वहिनींच्या कपाटात मागच्या वर्षीचं किट जवळजवळ जसंच्या तसं होतं. तेलखडूंतला काळा आणि निळा तेवढा संपलेला.

ठरावीक दुकानातूनच किंवा शाळेतूनच साहित्य घ्या, अशी सक्ती पालकांवर करता येत नाही, हे शिक्षण खात्यानं पुन्हा पुन्हा सांगितलेलं आहे. पण हे टेबलाशी बोलून उपयोग नसतो. टेबलामागचा मुलगा चार दिवसांच्या कामावर आलेला असतो, त्याच्या हातात काही नसतं. वहिनींनी मुख्याध्यापिकांच्या नावे अर्ज लिहिला. सक्ती, नियम, तक्रार असले शब्दच घातले नाहीत. किट, खाकी रोल आणि लेबलं आमच्याकडे शिल्लक आहेत, तेवढी वगळून सेट मिळावा, इतकंच. दुसऱ्या प्रतीवर शाळेच्या कार्यालयाकडून पोच घेतली, तारीख-शिक्क्यासकट. ही पोच महत्त्वाची. तोंडी विनंती ही पुण्यात कुठेच पोचत नाही. आठवडाभरात फोन आला, या आणि घेऊन जा. किट, रोल, लेबलं गेली. बोधचिन्हाच्या वह्या मात्र घ्याव्याच लागल्या. हजाराच्या आसपास वाचले.

त्या कागदाकडे बघताना माझ्या लक्षात आलं की खोकं महाग नव्हतं, न बघता घेतलेलं खोकं महाग होतं. आणि आम्ही राज्य मंडळवाले खोकं घेत नसलो तरी यादी न बघताच दुकानात नेऊन देतो.

अप्पा बळवंत चौकात, म्हणजे पुण्याच्या वह्या-पुस्तकांच्या बाजारात, कसं चालतं ते पुणेकरांना सांगायला नको, पण ज्यांनी फक्त ऑनलाइन मागवलंय त्यांच्यासाठी सांगते. मे अखेर ते जूनच्या दुसऱ्या आठवड्यापर्यंत तिथं काउंटरला हात टेकवायला जागा मिळत नाही. आपण यादी पुढे करतो, पोऱ्या ती उचलतो, वरच्या माळ्याकडे बघून ओरडतो, आणि वरून दणादण गठ्ठे येतात. यादीत ‘दोनशे पानी वह्या १२’ असेल तर बारा येतात, ‘रंगपेटी’ असेल तर त्याला बरी वाटेल ती येते. त्याचा दोष नाही. मागे पन्नास माणसं उभी असतात आणि त्यानं यादीप्रमाणेच दिलेलं असतं. म्हणून मी ठरवलं, शाळेची यादी घरीच ठेवायची. दुकानात न्यायची ती आपण लिहिलेली.

पुस्तकांचा प्रश्न आमच्याकडे नाही. अनुदानित शाळेत पहिली ते आठवीची बालभारतीची पुस्तकं समग्र शिक्षा योजनेतून मोफत मिळतात. ज्यांना विकत घ्यावी लागतात त्यांनाही बालभारतीची पुस्तकं इतकी स्वस्त असतात की खर्चात त्यांचा वाटा शेवटचा. माझा खर्च होता तो वह्या, गणवेश, दप्तर, बूट, रेनकोट आणि ‘किरकोळ’ या सदरात. किरकोळ हे सदर दरवर्षी वह्यांच्या बरोबरीला जायचं.

निकाल हाती आले त्याच आठवड्यात, रद्दीवाला यायच्या आत, दोघांच्या वर्षभराच्या वह्या मी हॉलमध्ये फरशीवर विषयवार मांडल्या आणि प्रत्येकीतलं शेवटचं लिहिलेलं पान शोधलं. एवढंच काम, पण त्या अर्ध्या दुपारीनं वाचवले तेवढे पैसे दुसऱ्या कशानंच वाचवले नाहीत. लेकीचं गणित दोन दोनशे पानी वह्या गिळून तिसरीत शिरलेलं. मराठी दीड वही. इतिहास आणि नागरिकशास्त्र मिळून एकीचा निम्मा भाग. भूगोल नकाशांसकट चाळीसेक पानं. कार्यानुभवाच्या वहीत राखीचं चित्र, आकाशकंदिलाची कृती, आणि त्यापुढे पांढरंशुभ्र. धाकट्याचं वेगळंच, त्याच्या दुरेघी वह्या पुढून अभ्यासानं आणि मागून क्रिकेटच्या धावफलकानं भरत आलेल्या, दोन्ही फौजा मध्यावर भेटल्या होत्या. आणि यादी काय म्हणत होती? सगळ्या विषयांना वर्गपाठाची एक, गृहपाठाची एक, सगळ्या दोनशे पानी.

यात एक भर धरावी लागली. २०२३-२४ आणि २०२४-२५ या दोन वर्षांत बालभारतीच्या पुस्तकांतच लिहिण्यासाठी कोरी पानं घातलेली होती. २०२५-२६पासून ती काढून टाकली. म्हणजे जे थोडंफार पुस्तकात लिहिलं जायचं ते आता वहीत येणार. लेकीच्या बाईंना फोन करून सरळ विचारलं, भूगोलाला शंभर पानी चालेल का, आणि इतिहासाचा वर्गपाठ-गृहपाठ एकाच वहीत पुढून-मागून केला तर? बाई हसल्या. म्हणाल्या, चालेल की, यादी दरवर्षी तीच निघते, कुणी विचारत नाही. फक्त विज्ञानाला एका बाजूला कोरं पान असलेली वही पाहिजे, आकृत्यांसाठी, त्यात काटछाट करू नका. असा फोन करायला लोक का बिचकतात कोण जाणे. बाईंनाही जड दप्तरं बघवत नसतातच.

आता जुन्या वह्यांत उरलेल्या कोऱ्या पानांचं काय करायचं, तर आमच्या सासूबाईंकडे त्याचं उत्तर पन्नास वर्षांपासून तयार आहे. त्यांनी सुरी घेऊन पिना उचकटल्या, कोऱ्या जोडपानांचे थर वेगळे केले, कडा टेबलावर आपटून एकसारख्या केल्या. वर-खाली जुन्या कॅलेंडरचा जाड कागद, छापील बाजू आत. मग दाभणानं मधल्या दुमडीवर पाच भोकं, मधल्या भोकातून दोरा आत, वरच्या भोकातून बाहेर, असं करत शेवटची गाठ पुन्हा मधल्याच भोकात. “टोकाला गाठ मारलीस तर वही उघडताना पान फाटतं,” हे त्या मला तिसऱ्यांदा तरी सांगत असतील. कण्यावर खळीनं कापडाची पट्टी चिकटवली आणि रात्रभर पाट्याखाली ठेवली. दोघांना वर्षभर पुरतील इतक्या रफ वह्या निघाल्या. लेकीला आधी ते आवडलं नव्हतं, सहावी पास झालेल्या मुलीला घरगुती वही म्हणजे अपमानच. मग कव्हरवर काय काढायचं ते तिचं तिनं ठरवायचं, असा तह झाला. ज्यांच्या घरी दाभण नाही त्यांनी बाइंडरकडे द्यावीत. पेठांत अजून आहेत बाइंडर, आणि नव्या वहीपेक्षा स्वस्तात होतं.

मग मी माझी यादी लिहिली, तीन रकान्यांत: पहिल्या दिवशी लागणारं, जुलैपर्यंत लागणारं, आणि दिवाळीनंतरचं. पहिला रकाना इतका छोटा झाला की मलाच शंका आली म्हणून शाळेच्या यादीशी पुन्हा ताडून बघितला. पहिल्या दिवशी मुलाला लागतं काय? दप्तर, डबा, वॉटरबॅग, कंपासपेटी, एक रफ वही, गणवेश आणि पावसापासून बचाव. वेळापत्रक कळायलाच दोन-चार दिवस जातात. आलेखवही, चार्टपेपर, घोटीव कागद, प्रयोगवही, क्रीडादिनाचा रंगीत टीशर्ट हे सगळं जूनमध्ये का घ्यायचं, तर यादीत आहे म्हणून. टीशर्टचं तर गट पडल्याशिवाय रंगच कळत नाही.

अप्पा बळवंतला गेले ते मेच्या मध्यावर, कामाच्या दिवशी, दुकानं उघडता उघडता. गाडी नेली नाही. मंडईपर्यंत मेट्रोनं गेलं की तिथून चालत दहा-बारा मिनिटं. २०२४च्या सप्टेंबरअखेर स्वारगेटपर्यंतचा भुयारी मार्ग सुरू झाल्यापासून या भागात गाडी लावायला जागा शोधण्याचं काम मी सोडून दिलंय. गाडी आणायचीच असेल तर बाबू गेनू वाहनतळावर लावावी. चौकात सम-विषमच्या पाटीखाली लावून आत गेलात तर वाचवलेले पैसे दंडात जातील. मुलांना नेलं नाही. मंडईहून चौकात जायचं तर तुळशीबाग वाटेत येते, आणि तुळशीबागेतून मुलं सोबत असताना कोरडं निघणं म्हणजे भर पावसात बिनछत्रीचं लक्ष्मी रोडला जाऊन येणं.

दुकानात पहिला फरक हा पडला की गर्दी नसल्यामुळे वही हातात घेऊन बघता आली. ‘दोनशे पानी’ म्हणून जी मिळते तिच्या मागच्या कव्हरवर बारीक अक्षरात १७२ किंवा १८० पृष्ठं असं छापलेलं असतं. ‘शंभर पानी’वर ९२, कधी त्याहून कमी. तेही अनुक्रमणिकेचं पान धरून. बोलायची भाषा एक आणि छापलेला आकडा दुसरा, फसवणूक म्हणता येत नाही कारण लिहिलेलं असतं. म्हणून दोन वह्यांची किंमत ताडताना कव्हरवरच्या चित्राकडे न बघता किमतीला पृष्ठांनी भागायचं. कागदाची जाडी दुसरी. लेक शाईचं पेन वापरते, तिला पातळ कागद दिला की मागची बाजू वाया, म्हणजे दोनशेतली शंभर गेली. दुकानदारकाकांनी एक सुटी वही पुढे केली, मी शेवटच्या पानावर माझ्या पेननं चार ओळी गिरवल्या आणि उलटून बघितलं. धाकटा पेन्सिलवाला, त्याला पातळ कागद धावतो. एकाच घरात दोन प्रतीच्या वह्या घ्यायला काही हरकत नाही.

डझनावर सवलत मिळते हे सगळ्यांना माहीत असतं, पण डझन एकाच प्रकारचा लागतो, आणि एका घराला एकरेघी लाँगबुकचा डझन लागला तरी चौकटीच्या वह्यांचा लागत नाही. आमच्या इमारतीतल्या चार घरांनी आपापल्या याद्या एकत्र केल्या होत्या, त्यामुळे प्रत्येक प्रकाराचे पूर्ण गठ्ठे झाले आणि छापील किमतीवर पंधरा टक्के सुटले. गठ्ठे उचलून आणायला मात्र माणूस लागतो. दिरांना संध्याकाळी ऑफिसातून येताना पाठवलं.

वजनाचं थोडं सांगते, कारण माझा एक निर्णय त्यावर फिरला. मुलाच्या वजनाच्या १० टक्क्यांपेक्षा दप्तर जड नसावं, असं २०२०चं शालेय दप्तर धोरण सांगतं. महाराष्ट्र शासनानंही २०१५ साली हीच मर्यादा घातली होती. लेक चौतीस किलोची. म्हणजे डबा, पाणी धरून साडेतीन किलोच्या आत. दोनशे पानी वही पृष्ठामागे स्वस्त पडते, पण ती जूनपासून मार्चपर्यंत अख्खी पाठीवर फिरते. म्हणून गणित-मराठी सोडून बाकी सगळ्या शंभर पानी घेतल्या, सत्रागणिक एक. थोडे जास्त गेले. इथं पैसे वाचवण्यात मला रस नव्हता.

कंपासपेटीचा किस्सा लेकीचा. तिला नवीन पेटी हवी होती. जुनी पत्र्याची, झाकणाला पोचा आलेली. मी म्हटलं, आतलं सगळं टेबलावर काढ आणि काय गेलंय ते सांग. दोन्ही गुण्ये धड, कोनमापकावरचे आकडे पुसट पण वाचता येण्याजोगे, कर्कटक ठीक, पट्टीचं एक टोक तुटकं, आणि कंपासचा स्क्रू सैल झालेला, त्यामुळे वर्तुळ काढता काढता त्रिज्या वाढायची. म्हणजे गेला होता तो कंपास आणि पट्टी. या दोन्ही गोष्टी अप्पा बळवंतला सुट्या मिळतात. नव्या पेटीतले उरलेले पैसे तुझे, असं सांगितल्यावर तिनं दोन मिनिटांत जुनी पेटी घासून पुसून ठेवली आणि उरलेल्या पैशांत तिला हवी तशी शाईची बाटली घेतली. जांभळी. शाळेत चालत नाही. घरी वापरते.

दप्तराची चेन गेली होती, बाकी कापड, पट्टे, शिवण सगळं शाबूत. चेन बसत नाही म्हणजे बहुतेक वेळा चेन गेलेली नसते, रनर सैल झालेला असतो. मंडईजवळ बॅग दुरुस्त करणाऱ्यानं दोन रनर बदलले, पट्ट्याला एक जादा टाका मारला, आणि एका चहा-वड्याच्या पैशांत दप्तर उभं राहिलं. धाकट्याला मात्र नवंच घ्यावं लागलं, त्याचा तळ फाटला होता. दोघांशी ठरलं होतं, प्रत्येकाला एक वस्तू आपल्या पसंतीची, बाकी आईच्या. त्यानं आपली पसंती दप्तरावर खर्च केली, डायनासोरवालं. मग वॉटरबॅग जुनीच, यावर रड नाही. हे आधी ठरवलेलं असलं की दुकानातला तमाशा टळतो.

गणवेश. एक जोड नवा, एक वरच्या वर्गातल्या मुलाचा. शाळेतल्या आयांमध्ये ही देवाणघेवाण पूर्वीपासून आहे. फक्त मागायला आधी जरा लाज वाटते आणि एकदा मागितलं की कळतं की समोरचीलाही कपाट रिकामं करायचंच होतं. लेकीचा स्कर्ट शिवून घेतला. शिंप्याला सांगून खाली चांगली चार बोटं दुमड आणि कमरेला माया ठेवायला लावली. तयार स्कर्टला आत काहीच सोडलेलं नसतं, मुलगी दोन इंच वाढली की तो गेला. मे महिन्यात टाकलं तर शिंपी शांतपणे मापं घेतो. जूनच्या दहा तारखेला गेलात तर तो मापं घेतच नाही, अंदाजानं बेततो.

बूट मी जूनमध्ये घेतच नाही. आमच्या शाळेत पावसाळाभर सँडल चालतात. काळे बूट जूनमध्ये घेतले की चार महिने भिजून त्यांना भेगा पडतात आणि दिवाळीला पुन्हा बूट. गणपतीनंतर पाऊस ओसरला की घ्यावेत, तेही संध्याकाळी, पाय दिवसभरानं थोडे फुगलेले असताना, पुढे अंगठ्याएवढी जागा सोडून.

आणि रेनकोट. हा एकच जिन्नस मी आधी घ्यायच्या मताची, पण २०२५च्या पावसानं माझं मत विचारलं नाही. मान्सून पुण्यात २६ मेलाच दाखल झाला, त्याआधीही मेभर कोसळतच होता. आम्ही महिनाअखेरीस दुकानात गेलो तोवर पाठीवर दप्तरासाठी फुगा असलेले मुलांचे रेनकोट संपत आलेले, मापं उरली ती फार लहान नाहीतर फार मोठी. लेकीला बायकांच्या मापाचा सगळ्यात छोटा घेतला आणि बाह्या आत दुमडून टाके घातले. धाकट्याला दोन मापं मोठा. यंदाही तोच घालतोय, आता पायात येत नाही.

१५ जूनला रविवार होता, शाळा १६ला उघडल्या. २० तारखेला पालख्या पुण्यात आल्या, त्याच्या आगेमागे पेठांत खरेदीला जायचा प्रश्नच नव्हता. मला जायचंही नव्हतं. दुसऱ्या रकान्यातलं जे होतं ते जुलैत कोपऱ्यावरच्या दुकानातून घेतलं. चार रुपये जास्त गेले असतील, पण यादीतल्या कितीतरी गोष्टी बाईंनी मागितल्याच नाहीत. वर्षभराच्या प्रकल्पांसाठी कार्डशीट, घोटीव कागद, क्रेप कागद मात्र रविवार पेठेतून ठोकात आणून कपाटावर ठेवले. रात्री साडेनऊला “आई, उद्या चार्ट पाहिजे” हे वाक्य ज्यांनी ऐकलंय त्यांना त्या गुंडाळीची किंमत कळेल.

दिवाळीनंतरच्या रकान्याला एक अनपेक्षित फायदा झाला. २२ सप्टेंबर २०२५पासून वह्या, पेन्सिली, शार्पनर, मेणखडू यांच्यावरचा १२ टक्के आणि खोडरबरावरचा ५ टक्के जीएसटी शून्य झाला. कंपासपेट्या आणि रंगपेट्या १२वरून ५वर आल्या. दुसऱ्या सत्राच्या वह्या घ्यायला गेले तेव्हा जुन्या छापील किमतीचेच गठ्ठे होते, पण काकांनी कर वजा करून नवा भाव लावला. सगळीकडे असं आपणहून होतंच असं नाही, जुन्या किमतीचा माल दिसला तर विचारावं.

जुनी पुस्तकं आणि वह्या जपून ठेवणाऱ्यांसाठी एक सूचना: नव्या अभ्यासक्रमाची पुस्तकं २०२५-२६ला पहिलीपासून सुरू झाली आहेत आणि बाकी इयत्तांची टप्प्याटप्प्यानं बदलणार आहेत. धाकट्या भावंडासाठी संच कपाटात ठेवायच्या आधी, किंवा अप्पा बळवंतला जुनं पुस्तक निम्म्या किमतीत घ्यायच्या आधी, त्या इयत्तेचं पुस्तक कधी बदलतंय ते बघावं. बालभारतीच्या संकेतस्थळावर चालू पुस्तकांची पीडीएफ फुकट असते, मुखपृष्ठ ताडून घेता येतं.

वहिनींकडे यंदा थोडी गंमत झाली. मागच्या वर्षीचा त्यांचा अर्ज इतर आयांनी बघितला होता. जानेवारीच्या पालक सभेत बऱ्याच जणींनी मिळून विचारलं की पुस्तकांची यादी प्रकाशन आणि किमतीसकट आधी द्या, आणि किट ऐच्छिक ठेवा. दोन्ही झालं. यादी छापून आली, किटपुढे चौकोन आला, हवं तर बरोबरची खूण करा. बोधचिन्हाच्या वह्यांचं घोडं मात्र अजून तिथंच अडलेलं आहे. शाळेचं म्हणणं, सगळ्यांच्या वह्या एकसारख्या दिसाव्यात. आयांनी पुढचा अर्ज लिहायला घेतलाय: बोधचिन्हाची लेबलं द्या, वह्या आम्ही आणतो.